एक प्लॉट घेऊन ठेव की!

निलंग्यात राहणाऱ्या माणसाला पुण्या-मुंबईच्या नातेवाइकांचे फोन येतात तेव्हा एक वाक्य हमखास येतं. तब्येतपाणी होतं, पाऊस होतो, सोयाबीनचा भाव होतो आणि मग हळूच, "तिकडं एखादा प्लॉट बघून ठेव की. आत्ता नाही घेतला तर नंतर परवडायचा नाही." घर बांधायचंय? नाही. रिटायर होऊन इकडं यायचंय? छे, मुलं तिकडं शिकतायत. मग कशाला हवाय? "असावा आपला एक."

आज या 'असावा आपला एक'वरच लिहायचं आहे. म्हणणं आधीच सांगून टाकते, म्हणजे ज्यांना राग यायचा त्यांना लवकर येऊन जाईल (आमचे दीर हा ब्लॉग नियमित वाचतात, त्यामुळे राग येणार हे नक्की!). बांधायचा विचार नसताना घेऊन ठेवलेल्या प्लॉटला आपण बचत म्हणतो. माझ्या मते ती गावातल्या बेघर माणसाकडून केलेली वसुली आहे. आणि ती करणारे कुणी सिनेमातले बिल्डर नाहीत. आपणच आहोत. पगारदार, शिकलेले, एरवी सरळमार्गी.

ज्यांना निलंगा माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. लातूर जिल्ह्यातलं तालुक्याचं गाव. १९८२ मध्ये लातूर जिल्हा वेगळा झाला, त्याआधी आम्ही उस्मानाबादेत होतो. नीळकंठेश्वराचं जुनं हेमाडपंती देऊळ आहे. १९८५-८६ मध्ये शिवाजीराव पाटील निलंगेकर राज्याचे मुख्यमंत्री होते, तेवढ्यापुरतं गावाचं नाव महाराष्ट्रभर झालं. २०११ च्या जनगणनेत लोकसंख्या चाळीस हजारांच्या आतच होती. हजारो माणसांना पोसेल असा मोठा कारखाना गावात नाही. सोयाबीन, तूर, मोंढा, शाळा-कॉलेजं आणि सरकारी कचेऱ्या, यावर गाव चालतं. पगार वाढले ते मास्तरांचे आणि साहेबांचे. हमालाची हमाली आणि बाईची खुरपणीची मजुरी यांची वाढ गोगलगायीच्या चालीनं.

मग प्लॉटचे भाव असे का धावतात?

गावाबाहेर कुठल्याही रस्त्यानं निघा. लातूरकडे, उदगीरकडे, औराद शहाजानीकडे. लातूर-जहिराबाद रस्ता रुंद झाल्यापासून तर विचारू नका. एक लोखंडी कमान, वर कुणा देवाचं किंवा पुढाऱ्याच्या आईचं नाव आणि पुढे 'नगर'. आत चुन्याच्या फक्कीनं आखलेले चौकोन, कोपऱ्यात रोवलेले दगड, मुरूम टाकलेला एक रस्ता, दोन-चार विजेचे खांब. आणि माणसं? वीस-पंचवीस प्लॉटांमागे एखादं घर. बाकी सगळीकडे काँग्रेस गवत आणि वेडी बाभूळ. प्लॉट विकले गेलेले आहेत बरं का, शिल्लक नाहीत! काही तर तीन-तीनदा विकले गेलेत. मालक आहेत, राहणारे नाहीत.

हा धंदा चालतो कसा, ते सांगते, कारण पुण्यातून प्लॉट घेणाऱ्यांना हे दिसत नाही. प्लॉटिंगवाला शेतकऱ्याकडून जमीन लगेच विकत घेत नाही. तो इसार देतो. ठरलेल्या किमतीच्या दहा टक्के, कधी त्याहून कमी, आणि बाकीच्यासाठी वर्ष-दीड वर्षाची मुदत. या मुदतीत तो चौकोन आखतो आणि ते तुम्हा-आम्हाला विकतो. आपल्याच पैशातून शेतकऱ्याचे हप्ते जातात. म्हणजे थोड्याशा पैशावर त्यानं आख्ख्या रानाचा भाव आपल्या मुठीत घेतलेला असतो. पुढे त्याच चौकोनाचा इसार दुसरा देतो आणि मुदतीच्या आत तिसऱ्याला विकतो. दर हातबदलाला फुटामागे पन्नास-शंभर रुपये चढतात. या सगळ्या प्रवासात त्या जागेत काय सुधारणा झाली म्हणाल तर काही नाही. दगड होता तिथेच आहे.

जरा हिशेब करू. आकडे मी उदाहरणासाठी धरतेय, तुमच्या गावचे घालून बघा. एक एकर म्हणजे ४३,५६० चौरस फूट. शेतकऱ्याला एकरी ४० लाख मिळाले असं धरा. म्हणजे फुटाला ९२ रुपये. रस्ते, दहा टक्के मोकळी जागा वगैरे सोडून साठ टक्के जागा विकायला उरली, तर २६,१३६ फूट. ती ५०० रुपये फुटानं गेली तर होतात एक कोटी तीस लाखांच्या वर. मुरूम, खांब, मोजणी, कागदपत्रं, 'वरचा खर्च' सगळं वजा करा. तरी जे उरतं ते कुणी कमावलं? शेतकऱ्यानं नाही, त्याला एकराच्या भावानं मिळालं. घेणाऱ्यानं फुटाच्या भावानं दिलं. एकर आणि फूट यांच्या मधल्या फटीत हा सगळा बाजार बसलेला आहे.

आणि शेतीच्या उत्पन्नाशी या भावाचा काडीचा संबंध उरलेला नाही. २०२५ च्या खरिपात सोयाबीनचा हमीभाव क्विंटलला ५,३२८ रुपये होता. एकरी आठ क्विंटल पिकलं आणि हमीभाव खरोखर मिळाला (मोंढ्यात तो किती जणांना मिळतो ते शेतकऱ्यालाच विचारा), तर हाती येतात साडेबेचाळीस हजार. त्यातून बी, खत, फवारणी, काढणी जायची. याच एकराचे ४० लाख साध्या मुदत ठेवीत टाकले तर वर्षाला अडीच लाख व्याज येतं. असल्या हिशेबात शेतकरी रान विकणार नाही तर काय करणार? मी त्याला दोष देत नाही. अतिवृष्टीत पीक गेल्यावर दारात उभा राहणारा पहिला माणूस पंचनाम्याचा नसतो, इसाराचा असतो.

आता दुसऱ्या बाजूला या. आमच्याकडे स्वयंपाकाला येणाऱ्या मावशी आहेत. नवरा मोंढ्यात हमाली करतो. पाच माणसं पत्र्याच्या एका खोलीत भाड्यानं राहतात. उन्हाळ्यात ती खोली तव्यासारखी तापते. घरकुल योजनेची चौकशी करून झाली. प्रधानमंत्री आवास योजनेत शहरी भागात स्वतःच्या जागेवर घर बांधणाऱ्याला केंद्राचे दीड लाख आणि राज्याचा एक लाख मिळतो. चांगली योजना आहे. पण वाक्य पुन्हा वाचा. स्वतःच्या जागेवर! ज्याला जागा आहे त्याला घर मिळेल. मावशींना जागा नाही.

त्या गेली कितीतरी वर्षं जागेसाठी पैसे साठवतायत. भिशी लावली, गळ्यातलं मोडलं. जेव्हा लाख झाले तेव्हा जागा दीड लाखाला गेली होती. दीड झाले तेव्हा अडीच. "ताई, आम्ही चालत जातो अन् भाव मोटारीत बसून जातो," असं त्या म्हणाल्या. मला तरी यापेक्षा नेमकं अर्थशास्त्र सांगता येणार नाही.

खेड्यातल्या बेघरांसाठी राज्याची वेगळी सोय आहे. पंडित दीनदयाळ उपाध्याय यांच्या नावाची, जागा खरेदीला मदत करणारी योजना. पूर्वी पन्नास हजार मिळायचे, २०२४ मध्ये एक लाख केले. जागा धरलीय ५०० चौरस फुटांपर्यंत. म्हणजे फुटाला २०० रुपये पडले तर भागेल, असा हिशेब झाला. रस्त्याकडेच्या गावांत ५०० चा भाव झाला की त्याच लाखात २०० फूट येतात. २०० फुटांत घर बांधून दाखवा कुणीतरी! सरकार मदत वाढवतं आणि सट्टा ती वरच्या वर झेलतो. रोजगार हमीची मजुरी २०२५-२६ मध्ये दिवसाला ३१२ रुपये होती. शंभर दिवस काम मिळालं तर ३१,२०० रुपये. वीस बाय तीसचा साधा प्लॉट ५०० च्या भावानं तीन लाखांचा. म्हणजे जवळजवळ दहा वर्षं, आणि तीही एक रुपया न खाता-पिता.

ही गोष्ट फक्त निलंग्याची नाही हेही सांगायला हवं. २०११ च्या जनगणनेत देशाच्या शहरांत एक कोटी दहा लाखांहून जास्त घरं रिकामी होती. आणि पुढच्याच वर्षी, २०१२ मध्ये, सरकारनं नेमलेल्या तज्ज्ञगटानं शहरांत एक कोटी अठ्ठ्याऐंशी लाख घरांची टंचाई असल्याचं सांगितलं, त्यातली जवळजवळ सगळी गरिबांची. रिकामी घरं पण आहेत आणि टंचाई पण आहे! मोठ्या शहरात फ्लॅट रिकामे असतात, आमच्यासारख्या गावात प्लॉट. बाकी फरक नाही.

आपल्या भागाला तर या विषयावर बोलायचा खास हक्क आहे. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीचा भूकंप झाला. औसा, निलंगा, उमरगा, लोहारा या पट्ट्यात आठ हजारांच्या जवळपास माणसं गेली. दगडमातीच्या जाड भिंती आणि वर मातीचं जड माळवद. झोपेत असलेल्यांच्या अंगावर घरंच आली. त्यानंतर सरकारनं जागतिक बँकेच्या कर्जाच्या मदतीनं जी पुनर्वसन योजना राबवली, त्यात ५२ गावं पूर्ण उचलून नव्या जागी वसवली. जमिनी संपादित केल्या आणि जमिनीच्या धारणेनुसार २५०, ४०० आणि ७५० चौरस फुटांची घरं दिली. त्या योजनेतही खोट होती. मोठ्या शेतकऱ्याला मोठं घर आणि भूमिहीनाला छोटं, हा भूकंपाचा न्याय नव्हता. नवी गावं शेतापासून लांब गेली, घरांचे नकाशे शेतकऱ्याच्या संसाराला सोयीचे नव्हते, अशा तक्रारीही झाल्या. पण एक गोष्ट त्या वेळी कुणी विचारली नाही, की 'तुझ्याकडे जागा आहे का?' भूमिहीन माणसालासुद्धा जागा आणि घर मिळालं. म्हणजे ठरवलं तर हे जमतं, आणि इथंच, आपल्याच मुलखात जमून गेलेलं आहे.

आणखी थोडं मागे जाऊ. १८ एप्रिल १९५१ ला विनोबांना पोचमपल्लीत पहिलं भूदान मिळालं. ते गाव तेव्हाच्या हैदराबाद राज्यात होतं आणि निलंगाही त्याच राज्यात. भूदानाचं पुढे काय झालं तो वेगळा विषय. पण जमीन ही राहण्या-कसण्यासाठी असते, हे एकेकाळी या मातीत मोठ्यानं बोललं जायचं. आज तेच बोललं की लोक विचारतात, "ताई, तुम्हाला प्लॉट मिळाला नाही वाटतं?"

असो. आता नेहमीचे आक्षेप घेते.

पहिला आक्षेप, "आमचा एकच तर प्लॉट आहे, त्यानं काय होतं?" एकानं काहीच होत नाही. पण निलंग्यातून बाहेर पडलेल्या प्रत्येक घरात एक पुण्याचा, एक लातूरचा, एक हैदराबादचा आहे, आणि प्रत्येकाचा 'एकच' आहे. गावाच्या चारी बाजूंनी तुमचे एकेक प्लॉट पसरलेत. ज्याला खरंच घर बांधायचंय त्याला त्यांच्यापलीकडे, आणखी एक-दोन किलोमीटर लांब जावं लागतं. मग नगरपरिषदेनं पाइपलाइन, दिवे, नाली तिथपर्यंत न्यायची, मधल्या बाभळींना ओलांडून. त्याचा खर्च सगळ्या गावाच्या माथी. आणि पाणी मात्र कुणालाच धड नाही.

दुसरा आक्षेप, "बँकेत व्याज मिळत नाही, पतसंस्था बुडतात, पेन्शन नाही. मग पैसा ठेवायचा कुठं?" हा आक्षेप मी खरा मानते. १ नोव्हेंबर २००५ नंतर राज्य सरकारी नोकरीत लागलेल्यांची जुनी पेन्शन बंद झाली. मराठवाड्यात २०२३-२४ मध्ये मल्टिस्टेट संस्थांत लोकांचे आयुष्यभराचे पैसे अडकले, ते आपण सगळ्यांनी पाहिलं. म्हातारपणाची भीती आहे आणि ती खोटी नाही. पण म्हणून ती भीती आपल्यापेक्षा गरीब माणसाच्या डोक्यावर ठेवायची का? पेन्शनसाठी सरकारशी भांडा, ठेवींच्या सुरक्षेसाठी भांडा, मी तुमच्याबरोबर येते. आपलं म्हातारपण मावशींच्या पत्र्याच्या खोलीवर तारण ठेवू नका.

तिसरा आक्षेप, "शेतकऱ्याला चार पैसे मिळतात ना!" मिळतात, एकदाच. वरचा हिशेब पाहा, मोठा वाटा मधल्यांचा आहे. आणि रान विकलेल्या शेतकऱ्याचा पोरगा लग्न झाल्यावर वेगळं घर करायला निघतो, तेव्हा त्याच रानातला प्लॉट त्याला फुटाच्या भावानं घ्यावा लागतो. अशी उदाहरणं माझ्या ओळखीत आहेत.

चौथा आक्षेप सगळ्यात गमतीचा आहे, कारण तो बोलला जात नाही. माझा एक मामेभाऊ वाकडला राहतो. आयटीत आहे. फोन आला की पंधरा मिनिटं फ्लॅटच्या भावांवर बोलतो. "ताई, बिल्डिंग उभी राहायच्या आधीच इन्व्हेस्टर लोक दहा-दहा फ्लॅट उचलतात, मग आमच्यासारख्यांना चढ्या भावानं विकतात. वीस वर्षांचा हप्ता आहे माझा. हरामखोर आहेत सगळे!" मी म्हणते, खरं आहे रे बाबा. आणि सोळाव्या मिनिटाला तो म्हणतो, "बरं, निलंग्यात एखादा प्लॉट बघून ठेव की!" वाकडचा इन्व्हेस्टर त्याला जे करतो तेच तो मावशींना करायला निघालाय, आणि त्याला हे दिसत नाही. तो वाईट मुलगा नाही. दर वर्षी गावातल्या दोन मुलांची फी भरतो. पण हप्त्याचा सल कळतो आणि प्लॉटचा कळत नाही, याला काय म्हणायचं?

कायद्याचं बघाल तर तोही या खेळात पंचासारखा वागत नाही. तुकडेबंदीचा कायदा आहे. जिरायत २० गुंठ्यांच्या आणि बागायत १० गुंठ्यांच्या खाली तुकडा पाडायचा नाही, असं २०२३ च्या ऑगस्टमध्ये ठरलं. त्याआधी जुलै २०२१ मध्ये नोंदणी खात्यानं असे तुकडे नोंदवायला मनाई करणारं परिपत्रक काढलं होतं, ते २०२२ मध्ये औरंगाबाद खंडपीठानं रद्द केलं. या सगळ्या काळात गुंठा-दोन गुंठ्यांचे व्यवहार बाँडवर, नोटरीवर चालूच राहिले. मग गुंठेवारी नियमित करायचा २००१ चा कायदा, त्याची २०२१ मध्ये वाढवलेली मुदत, आणि आता ऑक्टोबर २०२५ चा निर्णय, की १५ नोव्हेंबर १९६५ ते १५ ऑक्टोबर २०२४ या काळातले तुकड्यांचे व्यवहार विनाशुल्क नियमित होणार. ज्यानं गुंठाभर जागेत पोटाला चिमटा घेऊन घर बांधलं, त्याच्यासाठी मला याचा आनंदच आहे. त्याच्या सातबाऱ्यावर नाव लागलं पाहिजे. पण त्या तुकड्यावर घर आहे की बाभूळ, हा प्रश्न तिथं कुणी विचारत नाही. दोघांना एकच माप. मोठ्या ले-आउटमध्ये गरिबांसाठी २० टक्के प्लॉट ठेवायचा नियम राज्यात आहे, पण तो मोठ्या शहरांसाठी. निलंग्यासारख्या गावांतले गरीब त्यात बसत नाहीत.

हेन्री जॉर्ज नावाच्या अमेरिकन पत्रकारानं १८७९ मध्ये एक पुस्तक लिहून साधी गोष्ट सांगितली होती. जमिनीचा भाव मालकाच्या कष्टानं वाढत नाही, आजूबाजूला रस्ता, शाळा, बाजार, माणसं आली म्हणून वाढतो. म्हणजे ती वाढ गावानं निर्माण केलेली असते. मग तिच्यातला वाटा गावाला का नको? मला हे पटतं. रस्ता सगळ्यांच्या करातून रुंद झाला आणि भाव तुमच्या प्लॉटचा वाढला, तर थोडं परत द्या की.

माझ्या मागण्या तीनच आहेत. एक, मोकळ्या प्लॉटवर पहिली तीन वर्षं साधा कर, आणि चौथ्या वर्षापासून दर वर्षी चढता. इतका, की धरून ठेवण्यापेक्षा बांधणं किंवा विकणं परवडावं. त्यासाठी कायदा बदलावा लागला तर बदलावा. दोन, त्या २० टक्क्यांचा नियम नगरपरिषदांच्या गावांनाही लावा. तीन, घरकुलाच्या यादीत नाव असलेल्या भूमिहीनाला हातात पैसे देण्यापेक्षा नगरपरिषदेनं जागा घेऊन द्यावी. किल्लारीनंतर सरकारनं दिली होती, तशी.

आणि कायदा होईल तेव्हा होईल, तोवर आपल्या घरापुरतं काय? माझ्याकडे येणाऱ्या फोनांना मी आता ठरलेलं उत्तर देते. बांधणार असाल तर दहा प्लॉट दाखवते, मोजणीला स्वतः उभी राहते, कागद तपासून देते, बांधकामाला पाणीसुद्धा मारेन. नुसताच 'असावा' म्हणून हवा असेल, तर मला सांगू नका. आणि ज्यांचा घेऊन पडलेला आहे, त्यांना विनंती आहे की एकदा मनात पक्कं करा, इथं राहायला येणार आहात का? नसाल तर एखाद्या खऱ्या गरजूला, घेतला त्या भावाला आणि वर बँकेचं व्याज धरून देऊन टाका. तुमचं नुकसान काही नाही, आणि बाभळीच्या जागी एक घर उभं राहील. गिऱ्हाईक शोधायची जबाबदारी माझी. आमच्या मावशींपासूनच सुरुवात करू.